मुक्या पिक्चरमधली सुंदरा

सुंदराबद्दल कोणी काहीबाही बोललं ना, की माझं डोकं फिरतं. आजही फिरतं. आमच्या उधन्याच्या गल्लीत बोलणाऱ्यांची काही कमी नाही. कामाला निघालेल्या बाईच्या पदरापासून तिच्या डब्यातल्या भाजीपर्यंत सगळ्याचा पंचनामा होतो. म्हणून म्हटलं, आपणच सांगून टाकावं. मी शोभा. सुंदराचं घर आणि माझं घर भिंतीला भिंत लागून, आणि कारखान्यातही आम्ही शेजारशेजारच्या मशीनवर बॉबीन भरायचो. नवऱ्याचं तोंड बघितलं नसेल इतकं मी तिचं बघितलंय.

ती अमळनेरकडच्या खेड्यातली. लग्न होऊन आली तेव्हा कोणीतरी तिच्या डोक्यात भरवलेलं, की सुरतेला समुद्र आहे. स्टेशनापासून उधन्यापर्यंत नवऱ्याला विचारत आली, कुठे आहे, कुठे आहे? लूमच्या खात्याजवळून, म्हणजे कापड विणायच्या कारखान्याजवळून रिक्षा निघाली, आतून तो धडधड आवाज आला, तर म्हणते, "हाच का समुद्र?" तिचा नवरा सुकलाल आठ दिवस हसत होता. भेटेल त्याला सांगायचा. चांगला माणूस होता बिचारा.

आता ज्यांनी लूमचं खातं आतून बघितलं नाही त्यांना एक गोष्ट कळायची नाही. एका शेडमध्ये पन्नास-पन्नास लूम चालतात. कानाशी येऊन ओरडलं तरी ऐकू येत नाही. मग बोलायचं कसं? तोंडाने. आवाज काढायचाच नाही, नुसते ओठ हलवायचे, समोरचा बरोबर वाचतो. "चहा आला", "मास्तर येतोय", "तुझी सासू कशी आहे", सगळं. नवीन आलेला माणूस दोन महिन्यांत शिकतो. मी तर दहा लूम पलीकडच्या बाया माझ्याबद्दल काय बोलतात ते इथून वाचायचे आणि इथूनच शिवी द्यायचे. त्यामुळे आमच्या खात्यात गुपित म्हणून काही राहायचं नाही.

सुंदराचा सासरा उखाबाबा तर त्यातला उस्ताद. तीस वर्षं लूम चालवून त्याचे कान पार गेले. घरी सुद्धा तो तोंड बघूनच ऐकायचा. गंमत म्हणजे त्याची बायको ठगूबाई कधी खात्यात गेलेली नाही. ती त्याच्याशी बोलायची पाठ करून, चुलीकडे तोंड करून, आणि मग म्हणायची, हा म्हातारा मला जुमानत नाही. त्या घरात म्हाताऱ्यासमोर येऊन, त्याच्या डोळ्यांसमोर तोंड धरून नीट बोलणारी एकच, सुंदरा.

सुकलाल काविळीने गेला. त्यांची लेक वर्षा तेव्हा पाळण्यातली. सुंदरा रडली नाही. रडायला वेळ कुठे होता? ठगूबाईने अंथरूण धरलेलं, म्हातारा भिंतीला टेकून बसलेला, पोर भुकेली. दहावं झालं आणि ती कामावर आली. झालं! बायांना तेवढंच पाहिजे होतं. "डोळ्यांत टिपूस नाही हो हिच्या." मी मशीन बंद करून त्यांच्यावर धावून गेले होते, माझे पैसे कापले खात्यावरच्या मास्तरने. कापू दे मेला.

मग चौऱ्याण्णव साल आलं. प्लेग, प्लेग करून सगळी सुरत गाड्यांना लोंबकळून गावाला पळाली. आम्हीही पळालो, खोटं कशाला सांगू. सुंदरा राहिली, कारण ठगूबाईचा पाय मोडलेला, तिला गाडीत चढवणार कोण? आणि दुसरा राहिला तो आनंदा. आमच्याच खात्यातला कारागीर, भुसावळचा, बाप रेल्वेत होता त्याचा. मुद्दाम राहिला की कसा ते त्यालाच माहीत. सगळी दुकानं बंद, रस्त्यावर कुत्रं नाही, तर हा पठ्ठ्या कुठून कुठून दूध आणायचा, गोळ्या आणायचा, ठगूबाईला उचलून मोरीत नेऊन बसवायचा. आम्ही परत आलो तेव्हा ठगूबाई त्याला "भाऊ" म्हणत होती आणि वर्षा त्याच्या खांद्यावरून उतरत नव्हती.

पुढचं मी खात्यात बघितलं. दोघं एकमेकांशी एक शब्द बोलायचे नाहीत. बोलतील कसे? तोंड हललं की पन्नास जण वाचणार. गल्लीत बोलायची सोय नाही, तिथे कान. खात्यात बोलायची सोय नाही, तिथे डोळे. आनंदा बॉबीन घ्यायला यायचा, घेऊन जायचा. तिची मान खाली. पण बॉबीन हातात देताना तिचा चेहरा असा उजळायचा, की मला मेलीला उगाचच बरं वाटायचं.

आता अडचण काय, तर आनंदा बौद्ध. खात्यात त्याच्या हातचा चहा आम्ही सगळे प्यायचो, त्याच्या डब्यातलं खायचो, पण घरात नातं जोडायचं म्हटलं की लोकांना बरोबर जात आठवते. त्यातून सुकलालचा चुलता चिंधाआप्पा म्हणजे आमच्या भाऊबंदांचा पुढारी आणि गणपती मंडळाचा अध्यक्ष. त्याने शहाण्णव सालच्या आषाढात जाहीरच करून टाकलं, "सुंदराचं मी जमवलंय. नंदुरबारकडे एक बिजवर आहे. दसरा झाला की पाट लावून टाकू."

पाट म्हणजे विधवेचं दुसरं लग्न. आमच्यात पूर्वीपासून आहे, पण ते कसं? चोरीचा माल हलवावा तसं. अंधारात, वाजंत्री नाही, सवाष्णींनी तिकडे फिरकायचं नाही. आणि सगळ्यात वाईट म्हणजे पहिल्या नवऱ्याचं लेकरू त्याच्याच घरी ठेवून जायचं. म्हणजे वर्षा इथे, सुंदरा नंदुरबारला, आणि मध्ये ही दोन थकलेली माणसं. उखाबाबा काही बोलला नाही. त्याला वाटलं, तरुण पोर आहे, आपण तिला किती दिवस बांधून ठेवायची? तिला वाटलं, सासऱ्याने होकार दिलाय, म्हणजे मी जड झाले. दोघं एकमेकांचं भलं बघत गप्प! मला तर दोघांची डोकी एकमेकांवर आपटावीशी वाटायची.

त्याच वर्षी मंडळाच्या डोक्यात पिक्चरचं खूळ शिरलं. दरवर्षी भाड्याच्या कॅसेटी लावतो, यंदा आपला पिक्चर काढू. लग्नाच्या शूटिंगवाला चेतन आमच्याच समाजाचा, पण शिकला गुजराती शाळेत, बापाचं कापडाचं दुकान, त्यामुळे लूमशी त्याचा संबंध नाही. त्याच्याकडे व्हिडिओ कॅमेरा होता, पण कुठल्या तरी वरातीत पडून त्याचा आवाज घ्यायचा भाग गेलेला. चेतन म्हणाला, "तो शुं थयुं? त्यात काय झालं? मुका पिक्चर काढू. मधे मधे पाटीवर लिहून दाखवू." मुका म्हटल्यावर पोरांनी जे काय चावटपणे हसायचं ते हसून घेतलं.

गोष्ट आनंदानेच दिली. एक विधवा, एक कारागीर, दोघांचं प्रेम, पंच आडवे येतात, हिरोला चपलेने मारतात, आणि शेवटी दोघं नदीकाठी एकमेकांना सोडून जातात. चिंधाआप्पाला शेवट फार आवडला. म्हणाला, "बरोबर आहे. लोकांना बोध होईल." हिरोचं काम करायला आधी सगळे तयार होते, पण चपलेचं कळल्यावर एकेक जण मागे सरकला आणि आनंदाच उरला. हिरोईन व्हायची होती गल्लीतली योगिता, पण तिच्या बापाने ऐनवेळी नाही म्हटलं, मुलीला बघायला यायचे होते. तर आप्पा काय म्हणतो, "आपली सुंदरा आहे ना. विधवाच आहे, तिला नटवायचं पण काम नाही." असं बोलतं का कोणी माणसाबद्दल? पण सुंदरा हो म्हणाली. पटकन म्हणाली.

मी हिरोईनची आई झाले. उखाबाबा सासरा, चिंधाआप्पा सरपंच. म्हणजे जो तो आपापल्याच कामावर. कारखान्याच्या सुटीच्या दिवशी शूटिंग. संवाद कोणाला पाठ नाहीत, लागतही नव्हते. चेतन ओरडायचा, "गमे ते बोलो, मोढुं हालवुं जोईए!" काय वाटेल ते बोला, तोंड तेवढं हलवा. मी रडण्याच्या सीनमध्ये पदर डोळ्यांना लावून दोनाचा पाढा म्हटला.

शेवटचा सीन कामरेजला तापीच्या काठावर घेतला. चेतन वर बांधावर, लांब, कॅमेरा तीन पायांवर ठेवून. ही दोघं खाली पाण्याजवळ. मी त्यांच्या मागच्या बाजूला, कॅमेऱ्यात येणार नाही अशा झाडाखाली पेरू खात बसलेले, मला फक्त पाठी दिसत होत्या. दोघं बराच वेळ उभी होती. चेतन वरून खुणावत होता, होऊ दे, होऊ दे. परत येताना टेम्पोत सुंदरा माझ्या शेजारी बसली, माझा हात घट्ट धरून, आणि मी विचारलं तर म्हणाली, "काही नाही शोभाताई, आज मोकळं वाटलं." मला काय कळणार?

गणपतीत पाचव्या दिवशी, आरती झाल्यावर, पिक्चर लागला. प्रोजेक्टर भाड्याने आणलेला, आणि पडदा म्हणजे आमच्याच खात्यातलं कोरं कापड जोडून शिवलेलं. सगळी गल्ली खाली सतरंजीवर. उखाबाबा आणि ठगूबाईला मानाने पुढे खुर्च्या. चेतनने बासरीची कॅसेट लावली आणि सुरू झालं.

पहिल्या पाच मिनिटांत हसू फुटलं. अहो, समोर बसलेले सगळे लूमवाले! चेतनला काय ठाऊक? त्याने पाटी दाखवली, "अरे पापिणी, तू कुळाला बट्टा लावलास!" आणि पडद्यावर सरपंच झालेला चिंधाआप्पा डोळे वटारून म्हणत होता, "आटप रे चेतन, फाफडा थंड होतोय." माणसं लोळायला लागली. माझा दोनाचा पाढा आला, तर अर्धी गल्ली माझ्याबरोबर मोठ्याने पाढा म्हणाली. मेल्यांनो! चेतन भांबावून बघतोय, दुःखाच्या पिक्चरला लोक हसतात का?

मग उखाबाबाचा सीन. सासरा सुनेला घराबाहेर काढतो. पाटी आली, "चालती हो!" पडद्यावर म्हाताऱ्याने हात उगारलेला, चेहरा लालबुंद, आणि ओठ म्हणत होते, "पोरी, ऊन फार लागी ऱ्हायनं. तू घर जाय, चहा पी." त्याला खोटी शिवी सुद्धा देववली नव्हती तिला. लोक हसले, पण जरा वेगळे हसले.

आणि मग तापीचा काठ. मला वाटलं, लांबून घेतलंय, दोन मुंग्या दिसतील. त्या दोघांनाही तसंच वाटलं असणार. पण त्या कॅमेऱ्यात लांबचं जवळ आणायची करामत असते, हे कोणाला माहीत? दोन चेहरे पडदाभर झाले. एवढे मोठे ओठ. जन्म गेला ज्यांचा ओठ वाचण्यात, त्या लूमवाल्यांनीच ही चूक करावी! आवाज नाही म्हणजे कोणी ऐकणार नाही, असं समजून पहिल्यांदा दोघं मनातलं बोलली, आणि तेही सगळ्या उधन्यासमोर.

पाटी होती, "मला विसरून जा." सुंदरा आमच्या गावाकडच्या बोलीत म्हणत होती, ते मी तुम्हाला सरळ मराठीत सांगते. ती म्हणत होती, "मला नंदुरबारला जायचं नाही आनंदा. तुझ्याकडेच यायचंय, देवाशप्पथ. पण वर्षाला आणि त्या दोघांना घेऊन येईन. त्यांचा एक गेला. मी पण गेले तर म्हाताऱ्याशी समोर बसून बोलायला घरात कोणी राहणार नाही. तुझ्या खोलीत आमची जागा होईल का, सांग."

आणि आनंदा म्हणाला, "खोली लहान आहे. माझी खाट बाहेर टाकतो."

मग ती रडली. पडद्यावर, एवढ्या मोठ्या चेहऱ्याने, चार वर्षांचं साठलेलं सगळं रडली. बासरी वाजत होती. सुंदरा बायांच्या घोळक्यात माझ्या शेजारी होती. तिने दोन्ही हातांनी तोंड झाकलं आणि उठून पळायला लागली. मी पदर धरून तिला खाली बसवलं. म्हटलं, आता पळायचं नाही, बाई.

पण ठगूबाईला कुठे वाचता येत होतं? ती खुर्चीतून वाकून म्हाताऱ्याला ढोसायला लागली, "काय म्हनस ती? कसाले रडस ती? सांग ना!" म्हाताऱ्याला तिचं तोंड दिसलं, प्रश्न कळला. आणि बहिऱ्या माणसाला हळू बोलता येतं का? उखाबाबा उभा राहिला आणि असा ओरडला, की लूमच्या बाहेरच्या माणसांना सुद्धा कळलं.

"ती म्हनस, मी नंदुरबारले जावाव नही! पोरले आनि आपले टाकीसन कोठेच जावाव नही! आनंदाकडे जायी ते आपले संगे लिसन जायी!"

हे बोलताना त्याचा आवाज फाटला. सुकलालच्या प्रेतामागे चालताना सुद्धा मी त्याला रडताना बघितलं नव्हतं.

चिंधाआप्पा ताडकन उठला. "बंद कर रे चेतन! काय तमाशा लावलाय! उखा, जात आहे की नाही आपल्याला? भाऊबंदांत तोंड दाखवशील का?" बोलत बोलत म्हाताऱ्यासमोर येऊन उभा राहिला, म्हणजे त्याला नीट वाचता यावं. उखाबाबाने त्याच्याकडे बघितलं, शांतपणे बघितलं, आणि खुर्ची उचलून दुसरीकडे तोंड करून बसला. आप्पा त्या बाजूला गेला, तर याने डोळे मिटले. संपलं! आता बोल किती बोलायचं ते. आप्पा बोलत राहिला, हात नाचवत राहिला, आणि मागून कोणीतरी खुदकन हसलं. मग सगळीच हसली. आप्पाची जन्मात कधी झाली नव्हती अशी फजिती झाली. मला तर इतका आनंद झाला, की काय सांगू.

ठगूबाई तेवढ्यात आपल्याच विचारात होती. काठी टेकून उठली, बायांत सुंदराला शोधलं आणि म्हणाली, "मी येस तुन्हासंगे. पन मनी खाट घरमाच लागी, मना पाय दुखस. त्या भाऊले सांगी दे."

आनंदा मांडवाच्या खांबाला धरून उभा होता, प्रेतासारखा पांढरा. त्याने नुसती हो म्हणून मान हलवली. वर्षा सगळ्यांच्या मांड्यांवरून तुडवत जाऊन त्याच्या पायाला बिलगली.

आता असं नका समजू, की दुसऱ्या दिवसापासून सगळं गोडच झालं. आप्पाने त्यांच्याकडे जाणं-येणं तोडलं. श्रावणात कानबाई बसते, तिच्या रोटाच्या जेवणाला उखाबाबाच्या घरी भाऊबंदांतलं कोणी येत नाही, अजून नाही. खात्यात काही दिवस बाया सुंदराकडे बघून ओठ हलवायच्या, आणि मी शिव्या देऊन देऊन थकले. आनंदाच्या आईची, चंपाबाईचीही सुरुवातीला कुरकुर होतीच. एक सून आणायची तर मागे अख्खं घर येतंय, कोणाला आवडेल? पण ती भुसावळहून येऊन वर्षाला मांडीवर घेऊन बसली, ठगूबाईचा पाय बघितला, आणि म्हणाली, "लग्न मात्र दिवसाढवळ्या होईल. आमच्यात लपवून काही करत नाहीत."

दिवाळीनंतर, सुटीच्या दिवशी, सकाळी दहा वाजता, बुद्धविहारात लग्न झालं. स्वच्छ ऊन पडलेलं. सुंदराला पांढरी साडी, हातात फुलांचा हार. विधवेच्या लग्नाला सवाष्ण म्हणून मी जावं की नाही, यावर माझ्या नवऱ्याने मला शहाणपण शिकवायचा प्रयत्न केला होता. मी हिरवा चुडा भरून गेले. खात्यातले निम्मेअधिक कारागीर आले होते, नव्या शर्टात. पण ठगूबाई दारातच थबकली. तिने आयुष्यात बघितलेले सगळे पाट अंधारात, कोणी न बोलता लागलेले. हे ऊन, ही फुलं, ही माणसं बघून ती काठीवर रेलून उभीच राहिली. उखाबाबा तिच्या शेजारी, टोपी हातात.

चंपाबाई पाहुण्यांना बसवत होती. तिने आतून हाक मारली, "मुलीकडच्यांनी पुढे या हो. मुलीच्या आईला बोलवा कोणीतरी." सगळे एकमेकांकडे बघायला लागले, कारण सुंदराच्या माहेरचं कोणी आलंच नव्हतं. आईने तर निरोप पाठवला होता, की आमच्यासाठी ती मेली. सुंदराची मान खाली गेली. मी पुढे व्हायला निघाले, म्हटलं, पिक्चरमध्ये तिची आई झाले होते, इथेही होते.

तर माझ्या दंडाला धरून कोणीतरी मला मागे ओढलं. ठगूबाई. त्या मोडक्या पायाने, काठी आपटत, सगळ्यांच्या मधून वाट काढत ती सुंदरापाशी गेली. ज्या पोराची आई होती ते पोर जाऊन चार वर्षं झाली होती. तिने सुंदराची हनुवटी वर केली, पदर नीट केला आणि चंपाबाईकडे वळून, स्वतःकडे बोट दाखवत म्हणाली, "कसाले हाका मारस, बाई? आठेच शे ना मी. पोरनी माय."